भंगाराला हात लावायचा नाही

मित्रांनो, आत्मवृत्त सांगायचे ते नदीने, वडाच्या झाडाने, फार तर एखाद्या वाचून वाचून फाटलेल्या पुस्तकाने. त्यांच्याजवळ सांगण्यासारखे काही असते. मी एक जुना गेम-कंट्रोलर आहे. तुमचे आजोबा मला टीव्हीचा रिमोट समजतील आणि मी त्यांना दोष देणार नाही. माझे वय तसे फार नाही, पण आमच्या जातीत म्हातारपण लवकर येते. माझ्या बाबतीत ते डाव्या बाजूने आले. त्याचीच ही गोष्ट आहे. ती सांगावी की नाही याचा मी बरेच दिवस विचार केला. उपयोगी पडली नाही तर विसरून जा.

माझा जन्म दूरदेशीच्या एका कारखान्यात झाला. तिथली आठवण एवढीच, की खूप उजेड होता आणि हातमोजे घातलेल्या कुणीतरी माझ्या दोन्ही दांड्या गोल फिरवून पाहिल्या. दांड्या म्हणजे माझ्या अंगावरच्या दोन बुटक्या काठ्या. मुले त्यांना स्टिक म्हणतात. अंगठ्याने स्टिक ढकलली की पडद्यावरचा माणूस चालतो, पळतो, पोहतो. सोडली की ती आपोआप मधोमध येऊन उभी राहते. सोडल्यावर मधोमध उभे राहायचे, हेच आमचे पहिले कर्तव्य. त्या दिवशी मी ते नीट केले असणार, कारण मला लगेच खोक्यात भरले.

खोके उघडले ते वाकडच्या एका उंच इमारतीत. रविराज नावाचा तरुण तिथे राहत असे. संगणकाच्या कंपनीत नोकरीला होता. सुरुवातीला तो मला रुमालाने पुसून ठेवी आणि मित्रांना म्हणे, "हात लावून बघ, लोण्यासारखा चालतो." मित्रांनो, स्तुती ऐकायची सवय लवकर लागते. आम्ही दोघे मोटारींच्या शर्यती खेळत असू. जिंकला की तो मला उंच धरी. हरला की सोफ्यावर आपटी, पुढे पुढे जमिनीवर. माझ्या आत कुठेतरी काहीतरी झिजत होते. एके दिवशी त्याने हात काढून घेतला तरी पडद्यावरची मोटार हळूहळू डावीकडे सरकत राहिली आणि कठड्याला जाऊन घासली. मला थांबता येईना. त्याने एक शिवी दिली आणि दुसऱ्या दिवशी नवा कंट्रोलर आणला. घर बदलताना मी तुटक्या वायरींबरोबर एका पोत्यात गेलो आणि पोते भंगाराच्या दुकानात गेले.

तिथून मला धनेशने उचलले. चाकणला त्याचे संगणकदुरुस्तीचे छोटे दुकान आहे. त्याने माझी सगळी बटणे दाबून पाहिली आणि ती चांगली निघाली. स्टिक मात्र त्याने सोडून पाहिली नाही. तेवढ्यात गिऱ्हाईक आले आणि ती तपासणी राहून गेली. मला तेव्हाच ओरडून सांगता आले असते तर पुढचे सगळे टळले असते. पण आम्हाला वाचा नसते. आणि खरे सांगायचे तर, पोत्यातून बाहेर आल्याचा मला इतका आनंद झाला होता, की वाचा असती तरी मी बोललो असतो की नाही, शंकाच आहे.

धनेशची बहीण अनिता महाळुंग्यात दोन खोल्यांच्या भाड्याच्या घरात राहते. गाव त्यांचे भूमकडचे. तिचा नवरा जयसिंग एका कारखान्यात प्रेस मशिनवर होता. पावसाळ्याच्या तोंडावर त्याचा डावा अंगठा मशिनखाली सापडला. डॉक्टरांनी अंगठा वाचवला, पण तो लाकडासारखा ताठ झाला. महिनाअखेरीस कंपनीचे डॉक्टर हात तपासणार होते. अंगठा वळला, पकड आली, तर जयसिंगला माल तपासण्याच्या खात्यात बसून करण्याचे काम मिळणार होते. नाहीतर गावाकडे परत जायचे आणि नववीतल्या संस्कृतीची शाळा मध्येच तोडायची.

व्यायामाला दिलेला रबरी चेंडू त्याने कपाटावर फेकून दिला होता. म्हणून धनेशने भाचीसाठी जुना संगणक बसवला, त्यात समुद्राचा एक खेळ घातला आणि मला जयसिंगपुढे ठेवून म्हणाला, "दाजी, चेंडू ऱ्हाऊ द्या. हे दाबत बसा. अंगठा बी फिरंल आन येळ बी जाईल."

त्या खेळात तुमचे जहाज फुटलेले असते. एका तरंगत्या खोलीत तुम्ही एकटे असता आणि खाली अथांग निळे पाणी. पाठीवर काही नसते, छातीत एका बुडीपुरती हवा. तेवढ्यात तळाशी जायचे, हाताला लागेल ते गोळा करायचे आणि हवा संपायच्या आत वर यायचे. चुनखडीचे गोळे फोडले तर कधी तांबे निघते, कधी टायटॅनियम. गारगोटीपासून काच होते. फुटक्या जहाजाचे पत्रे तळावर विखुरलेले असतात, ते वितळवले तर भरपूर टायटॅनियम मिळते. त्यातून हवेची टाकी करायची. टाकी पाठीवर आली की मग कुठे समुद्र आपला होतो.

जयसिंगने मला हातात घेतले तेव्हा त्याचा डावा अंगठा माझ्या डाव्या स्टिकवर जड दगडासारखा पडला. पहिल्या दिवशी त्याला तो वळवताच येईना. पण माणूस चिकाटीचा होता. दोन-तीन दिवसांत तो तळापर्यंत जाऊ लागला. गोळे फोडी, मिळेल ते वर आणी आणि तरंगत्या खोलीतल्या पेट्यांत वेगवेगळे ठेवी. तांबे एका पेटीत, गारगोटी दुसरीत. कारखान्यात चांगला माल आणि बाद माल वेगळा ठेवतात तसा. हे पाहून संस्कृतीला हसू येई.

पण तिला एक गोष्ट समजेना. तरंगत्या खोलीच्या अगदी खाली जहाजाचे मोठमोठे पत्रे पडले होते, आणि जयसिंग त्यांना वळसा घालून लांबच्या कपारीत गोळे शोधायला जाई.

"पप्पा, ते उचला की. त्याच्यातच तर टायटॅनियम असतंय," ती म्हणाली.

"भंगार हाय ते," जयसिंग म्हणाला. "भंगाराला हात लावायचा न्हाई. त्याचा ठेका दुसऱ्याचा असतोय. गेटवर झडती होती."

अनिता भाकरी थापत होती. ती वळूनही न बघता म्हणाली, "पाण्यात कुठलं आलंय गेट? मासं झडती घेतेत व्हय?"

संस्कृती हसत सुटली. जयसिंगही हसला, पण पत्र्याला त्याने हात लावला नाही. इतक्या वर्षांची सवय हातात मुरलेली असते. त्या भागातल्या कारखान्यांत सुटताना प्रत्येकाचा डबा गेटवर उघडतात. अपघातानंतर लॉकरमध्ये राहिलेला डबा आणायला तो गेला होता, तेव्हाही नियमाप्रमाणे थांबवले. बँडेज बांधलेल्या हाताने त्याला झाकण निघेना. मागे सुटीची रांग खोळंबलेली. शेवटी रखवालदार साहेबरावांनी मान खाली घालून स्वतः डबा उघडला. आत वाळलेली अर्धी भाकरी होती. ही गोष्ट त्याने अनिताला एकदाच सांगितली आणि पुन्हा कधी काढली नाही.

आता माझ्या भागाकडे येतो. इथे मला जरा थांबून थांबून सांगावे लागेल.

लांबच्या कपारीत जायचे म्हणजे हवा पुरवून पुरवून वापरावी लागते. जयसिंग सरळ खाली जाऊ पाही आणि मी त्याला डावीकडे नेई. थोडेसेच, पण सतत. डावीकडे काटेरी शेवाळाचे रान होते. पडद्यावरचा पाणबुड्या त्यात अडकला की सुटेपर्यंत हवा संपे, पडदा काळा होई आणि गोळा केलेले सगळे पाण्यात जाई. असे एकदा नाही, रोज होऊ लागले. रविराजसारखी शिवी त्याने दिली असती तर मला बरे वाटले असते. तो मला काहीच म्हणत नसे. काळ्या पडद्यासमोर तो आपला डावा अंगठा डोळ्यांजवळ धरून बघत बसे.

एका संध्याकाळी तो हळू आवाजात म्हणाला, "सरळ जा म्हनतोय, आन ह्यो डावीकडंच जायलाय. ह्यो आता माझा ऱ्हायला न्हाई."

मित्रांनो, तो अंगठा तोवर चांगला वळू लागला होता. मला ते त्याच्या दाबावरून कळत होते, साऱ्या घरात फक्त मलाच कळत होते. डावीकडे जात होतो तो मी. माझ्या दोषाची शिक्षा तो आपल्या हाताला देत होता आणि मी त्याच हातात निमूट पडून होतो. पोत्यात तुटक्या वायरींखाली पडलो होतो तेव्हाही मला स्वतःची इतकी लाज वाटली नव्हती.

मग त्याने खेळणे कमी केले. जेवताना डावा हात मांडीखाली घेऊन बसू लागला. संस्कृतीने विचारले तर म्हणे, डोळे दुखतात. आणि बुधवारी त्याने अनिताला सांगितले, की तपासणीला आपण जाणार नाही. डॉक्टरांसमोर, चार माणसांत हात पुढे करायचा आणि त्याने ऐकायचे नाही, त्यापेक्षा आधीच गावाकडे कळवलेले बरे.  अनिता रात्रभर विचार करते म्हणाली.

दुसऱ्या दिवशी गुरुवार होता. गुरुवार म्हणजे त्या भागातल्या बऱ्याच कारखान्यांचा रविवार. अनिताला सुट्टी होती. ती गाड्यांच्या वायरी बांधणाऱ्या कंपनीत तपासणीच्या टेबलावर काम करते. सकाळी तिने चहा केला आणि तुम्ही खेळता तरी काय ते एकदा मला बघू द्या म्हणून हट्ट धरला. बायकोचे मन मोडायला नको म्हणून जयसिंग बसला. एक बुडी मारली, शेवाळात अडकता अडकता सुटला. पाणबुड्याला पाण्यातच तरंगत ठेवून त्याने मला ट्रंकेवर ठेवले आणि चहाचा कप उचलला.

पाणबुड्या सरकू लागला. डावीकडे.

एरवी मी थांबायची धडपड करत असे. आयुष्यात पहिल्यांदाच मी थांबण्याचा प्रयत्न केला नाही.

अनिता बशी हातात तशीच धरून पडद्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "अवो, तुमचा हात तर कपाला हाय. मग ह्यो मानूस कुनाच्या हातानं चाललाय?"

जयसिंगने आधी कपाकडे पाहिले, मग माझ्याकडे.

"आमच्याकडं सकाळी आल्या आल्या तपासायचा बोर्ड रिकामाच चालू करून बघतेत," अनिता म्हणाली. "वायर लावायच्या आधी. रिकाम्या बोर्डावर खोटीचा दिवा लागला, तर खोट वायरीत नसती, बोर्डात असती. डावीकडं जातंय हे तुमी मला इतके दिवस सांगितलं का न्हाई?"

 कप खाली ठेवून जयसिंगने दोन्ही हात मांडीवर घेतले आणि पाणबुड्या डावीकडे जाता जाता शेवाळात शिरेपर्यंत बघत राहिला. पडदा काळा झाला. तेव्हा तो हसला, पण त्याचे डोळे भरले होते. संस्कृतीने रागाने मला उचलले आणि म्हणाली की हे भंगार आत्ताच्या आत्ता मामाला परत देऊन येते. मला ते योग्यच वाटले.

"थांब," जयसिंग म्हणाला. "भंगारातनं टायटॅनियम निघतंय म्हनलीस ना? बगू ह्याच्यातनं काय निघतंय."

त्याने धनेशला फोन लावून विचारून घेतले, लहान स्क्रूड्रायव्हर काढला आणि मला पालथे केले. माझ्या पाठीचे स्क्रू बारीक आहेत, तिळाएवढे. ते काढताना मला घट्ट धरावे लागते आणि तेही डाव्या अंगठ्याने. तो धरत होता. निघालेला एकेक स्क्रू डाव्या अंगठ्याने आणि बोटाने चिमटीत उचलून बशीत टाकत होता. त्याचे सगळे लक्ष माझ्यात होते, स्वतःच्या हाताकडे त्याचे लक्षच नव्हते. अनिताचे होते. ती शेजारी बसून त्या अंगठ्याकडे बघत होती. माझ्या आतून धूळ निघाली, रविराजच्या वेफर्सचा चुरा निघाला, एक केस निघाला. मला फार संकोच वाटला. इतक्या चांगल्या माणसांसमोर आपले अंतरंग असे उघडे पडू नये. त्याने कापसाने सगळे पुसले, झिजलेला भाग जमेल तेवढा साफ केला आणि मला पुन्हा बंद केले.

मग त्याने बुडी मारली. मी सरळ गेलो. अगदी सरळ नाही, पण पुष्कळच. खोलीच्या खाली तो पत्र्यापाशी थांबला. हवा संपत चालली होती. त्याने पाणबुड्याला एकदा मागे वळवून पाहिले. पाण्यात गेट नव्हते. मग त्याने पत्रा उचलला, पाठोपाठ दुसरा. त्या दुपारी जयसिंगच्या पाठीवर हवेची टाकी आली.

तपासणीला तो गेला. तिथे मी नव्हतो, त्याने घरी सांगितले तेच मला ठाऊक. डॉक्टरांनी हात वळवून पाहिला, चिमटीत नाणे धरायला लावले आणि कागदावर सही केली. काम सुरू झाले त्या दिवशी सुटताना गेटवर साहेबरावांनी नियमाप्रमाणे डबा मागितला आणि उघडायला हात पुढे केला. जयसिंग म्हणाला, "ऱ्हाऊ द्या भाऊ, मी उघडतो." आणि डाव्या अंगठ्याने त्याने झाकण काढले. घरी हे सांगताना त्याने तो डबा पुन्हा दोनदा उघडून दाखवला. तिसऱ्यांदा उघडू लागला तेव्हा अनिताने हातातून काढून घेतला आणि घासायला टाकला.

मित्रांनो, मला आता रोज कुणी हातात घेत नाही. संस्कृतीची दहावी जवळ आली आहे. मी संगणकाशेजारी एका रुमालावर असतो. हा रुमाल कुणी घातला ते मला माहीत नाही आणि मी त्याला पात्र आहे असेही मला वाटत नाही. तुमच्याकडे एवढेच मागणे आहे. आम्हाला आपटू नका. आमच्या आत काय झिजते ते आम्हाला सांगता येत नाही, आणि त्याचे मोल पुढे भलताच कुणीतरी निरपराध माणूस मोजतो. आणि एखादी गोष्ट जमेनाशी झाली, तर स्वतःच्या हाताला नावे ठेवण्याआधी आम्हाला एकदा खाली ठेवा, हात बाजूला घ्या आणि पडद्याकडे बघा. माणूस जागच्या जागी तरंगत असेल तर पुन्हा प्रयत्न करा. तो डावीकडे सरकू लागला, तर तो मी आहे. तुम्ही नाही.