देवळाचा अर्धा शेकेल

यावर कुणाचा विश्वास बसणार नाही, बसूही नये. दोन हजार वर्षांपूर्वी जेरुसलेमच्या देवळात भरलेला कर माझ्या कोटाच्या खिशात आहे!

जर्मनीत ब्राउनश्वाइगला लेकीकडे रविवारच्या चहाला मी ही अशी सुरुवात केली. करणं भागच होतं. ऊर्मिलाला सासूबाईंनी दिलेला लक्ष्मीपूजनाचा चांदीचा रुपया आदल्या दिवशी मी उजळायला म्हणून नेला आणि हात हलवत परत आलो. सासूबाई दिवाळीसाठी परवा विमानाने येणार. आल्या आल्या देव्हारा बघणार.

"बाबा, स्काटच्या डावात हरलात ना?" ऊर्मिलाने विचारलं. कोपऱ्यावरच्या म्हाताऱ्यांबरोबर मी पत्ते कुटतो, तेवढ्यावरून वहीम!

"अगं, बाजारात जुन्यापान्याच्या रांगेत एक यहुदी आजोबा बसले होते. डोक्याला टोपी, सदऱ्याखालून गोंडे. त्यांनी ही चकती दाखवली. म्हणाले, वीस वर्षांवरच्या प्रत्येक पुरुषाने वर्षाला अर्धा शेकेल, म्हणजे हे चांदीचं नाणं, देवळाला द्यायचा. श्रीमंताने जास्त नाही, गरिबाने कमी नाही. आपल्या जिवाचं प्रायश्चित्त म्हणून. त्या पैशातून रोजचा होम सगळ्यांच्या नावाने व्हायचा. म्हणजे सावकार आणि हमाल, देवापुढे दोघांचा वाटा सारखा!"

"आणि अर्धाच का?" हे आरोन नवगावकरने विचारलं. जावयाच्या ऑफिसातला इंजिनियर, अलिबागकडचा बेने इस्राएल, म्हणजे आपला मराठी यहुदी. मराठी आमच्याहून ठसकेबाज. मघापासून तो बिस्किट चहात बुडवून नुसता ऐकत होता. त्याचं ते ऐकणं मला आवडेना.

"एकटा माणूस अर्धाच असतो म्हणून," मी म्हणालो.

"हे बरोबर सांगितलंत, काका. आमचे आजोबा असंच सांगायचे."

मला जोर चढला. "संशय मलाही आलाच रे! पण देवळाला सोर शहराची चोख चांदीच लागे, म्हणून तिथे नाणी बदलून द्यायला सराफ बसत. तसं हे आजोबाही युरो घेईनात. चांदीला चांदी, म्हणाले. दिला रुपया."

"भामटा असेल," ऊर्मिला म्हणाली.

"भामटा? इतका कडक धर्माचा माणूस! मी डब्यातली नानकटाई पुढे केली, तर हात लावेना. आमच्या नेमाच्या स्वयंपाकघरातली नाही, म्हणाला. एक नेम म्हणून मोडत नाही तो!"

आरोनने बिस्किट बशीत ठेवलं. "काका, भेटले कधी म्हणालात?"

"कालच. गेनाऊ, अगदी ठोक बारा वाजता."

"काल शनिवार होता."

"मग?"

"आमच्या पणजोबांचा तेलाचा घाणा होता. शनिवार आमचा शब्बाथ, कामधंदा बंद; घाण्याचा बैलसुद्धा सोडलेला असायचा, म्हणून अख्खं गाव आम्हाला शनवार तेली म्हणायचं. आणि तुमचा तो एकही नेम न मोडणारा म्हातारा शब्बाथच्या भर दुपारी दुकान मांडून बसला होता? वासुकाका, साफ खोटं! सांगा, रुपया कुणी जिंकला?"