पाळण्यात न घेतलेलं नाव

अमिताआत्याचा स्वभाव आधीच सांगून टाकलेला बरा, म्हणजे मागाहून कुणाची तक्रार नको. बाई मनाने वाईट नव्हती. पण 'मी म्हणते ते खरं' हा एकच मंत्र तिने बासष्ट वर्षं जपला होता, आणि इंदूरच्या तुकोगंजातल्या त्या तीन खोल्यांच्या घरात तिच्यापुढे बोलायची कुणाची टाप नव्हती. तेहतीस वर्षं तिने शाळेत मुलींना गणित शिकवलं. लग्न केलं नाही. भाऊ मोहन, भावजय शैलजा आणि त्यांची एकुलती एक लेक रमा, हाच तिचा संसार. मोहन गेला तेव्हा रमा सहा वर्षांची होती. शैलजाला जाऊन आता चार वर्षं झाली. घरात आत्या आणि भाची दोघीच उरल्या होत्या, आणि भाचीचं लग्न आठ दिवसांवर आलं होतं.

त्या दुपारी रमाच्या होणाऱ्या सासूबाई, अरुंधतीबाई, बोलणी करायला आल्या होत्या. माणसं नाशिकची. मुलगा निशांत इंदूरच्या एका कंपनीत इंजिनीयर, म्हणून लग्न इथेच ठरलेलं. अरुंधतीबाई चहाचा कप खाली ठेवत म्हणाल्या, "आमच्याकडे लक्ष्मीपूजनाला ताटात तांदूळ पसरतात आणि मुलगा अंगठीने त्यात सुनेचं नवं नाव लिहितो. पण जबरदस्ती नाही हं. हल्लीच्या मुलींना नाही आवडत. हवं तर रमाच लिहू."

"रमाच लिहा," आत्या म्हणाली. "तिच्या आजीचं नाव आहे ते. बदलायचं कशाला?"

"नाही काकू, बदला," रमा म्हणाली. ती पत्रिकांवर पत्ते लिहीत होती, मान वर न करताच बोलली. "कागदावर राहू दे रमा. आधार, पासपोर्ट, ऑफिस, वो झंझट कौन करे. पण घरात मला दुसरं नाव पाहिजे. हे कधी माझं वाटलंच नाही. आईने एकदासुद्धा मला त्या नावाने हाक नाही मारली, पता है? बाळ, बेटा, अगं ए, सुनो मैडम. बस."

"अगं, सून सासूचं नाव कशी घेईल? जुनी रीत आहे ती," अरुंधतीबाई समजुतीने म्हणाल्या.

"माझी आई बाबांना चारचौघांत मोहन म्हणायची, काकू. तिला कसली आलीय रीत! मीच नको होते बहुतेक तिला." एवढं हसत हसत बोलून तिने पुढची पत्रिका ओढली. "आत्या, नवं नाव तूच सुचव. नाव ठेवायचा हक्क तर तुझाच ना?"

आत्याच्या हातातला अडकित्ता थांबला. सुपारी तशीच अर्धी राहिली.

हक्क! ह्याच हक्काने तर सगळा घात केला होता. एकोणतीस वर्षांपूर्वीची गोष्ट. शैलजाला सातवा महिना होता, तेव्हा मोहन तिला स्कूटरवर मागे बसवून पोलोग्राउंडला आपल्या कारखान्यात घेऊन गेला होता. तिथे एका बंद पडलेल्या वर्कशॉपच्या भिंतीतून पिंपळ आला होता. चैत्राचे दिवस, पानं अशी तांबूस, ओली, लहान मुलाच्या कानाच्या पाळीसारखी. घरी आल्यावर शैलजा स्वयंपाकघरात नणंदेच्या मागे मागे फिरत सांगत होती, "ताई, कुणी लावला नाही, कुणी पाणी घातलं नाही. विटा फोडून आलाय. मुलगी झाली तर पालवी नाव ठेवायचं. आमचं दोघांचं ठरलंय. बारशाला तुम्हीच घ्यायचंय ते."

"पालवी?" आत्याने नाक मुरडलं होतं. "म्हणजे पाला? शेळ्या मागे लागतील पोरीच्या!"

शैलजा हसली होती. तिला ती थट्टा वाटली. तशी ती थट्टाच होती तोवर. पण मुलगी व्हायच्या महिनाभर आधी आत्याची आई, रमाबाई, अंथरुणाला खिळलेली होती, ती वारली. तिचं सगळं आत्यानेच केलं होतं. आणि बाराव्या दिवशी पाळण्याभोवती गल्लीतल्या बायका जमल्या, 'गोविंद घ्या, गोपाळ घ्या' झालं, आत्या पाळण्यात वाकली, बाळाच्या कानात 'कुर्रर्र' केलं, आणि घरात ठरलेलं नाव तिने घेतलंच नाही. 'रमा' म्हणाली. मग मान वर करून सगळ्यांना ऐकू जाईल असं पुन्हा म्हणाली, "रमा." बायकांनी रिवाजाप्रमाणे तिच्या पाठीत धपाधप धपाटे घातले. घुगऱ्या वाटल्या. आणि जी ती शैलजाचे हात धरून सांगायला लागली, "सासूचं नाव ठेवलंस गं! केवढं मन म्हणायचं!" आता एवढ्या कौतुकात ती बिचारी काय बोलणार? मोहन तर दाराशी पेढ्यांचा डबा घेऊन नुसता उभा होता. आई जाऊन दीड महिना झालेल्या माणसाने आईच्या नावाला नको कसं म्हणायचं?

आईची आठवण, हे आत्याचं कारण खरं होतं. पण अर्धंच. उरलेलं अर्धं हे, की आई गेल्यावरही ह्या घरात माझं चालतं, हे तिला त्या कालच्या पोरीला दाखवायचं होतं. हे तिला त्याच संध्याकाळी कळलं होतं. बाई गणिताची होती, चूक दिसायला तिला वेळ लागत नसे. पण खोडून पुन्हा मांडायचं म्हणजे चारचौघांत कमीपणा, तो कोण घेणार!

शैलजा भांडली नाही. फक्त तिने ते नाव कधी तोंडात घेतलं नाही. गल्लीतल्या बायका म्हणाल्या, बघा, वळण कसं आहे, सासूचं नाव घेत नाही. रमा नववीत असताना एकदा पाय आपटून ओरडली होती, "माझं नाव घे ना एकदा! एकदाच!" शैलजा म्हणाली, "जीभ वळत नाही गं बाळा." आत्या तिथेच शेंगा निवडत बसली होती. तिने त्या तशाच निवडल्या.

"आत्या? कुठे गेलीस? सुचव ना," रमा म्हणत होती.

"पालवी," आत्या म्हणाली.

तोंडातून निघून गेलं. पुढचं वाक्य लगेच म्हणायला हवं होतं, की हे माझं नाही, तुझ्या आईचं आहे. पण रमाने हातातलं पेन टाकलं आणि टाळीच वाजवली. "पालवी! काय कमाल नाम आहे यार! कुठून सुचलं तुला?"

अरुंधतीबाईंनाही आवडलं. "नवी पानं ना चैत्रातली? किती ताजं वाटतं. रसिक माणसालाच सुचतं हो असं."

"सुचलं आपलं," आत्या म्हणाली. रमाने उठून तिच्या पाठीत एक हलका धपाटा घातला आणि म्हणाली, "नाव ठेवल्यावर आत्याला असं मारतात ना?" सगळ्या हसल्या. एकदा हिसकावून घेतलेली वस्तू आत्याने दुसऱ्यांदा आपली म्हणून खपवली, आणि तिला मेलीला ते थांबवता आलं नाही.

थांबवता का आलं नाही, त्याला आणखी एक कारण होतं, आणि ते कारण बारशाहून वाईट होतं.

चार वर्षांपूर्वी शैलजा तुकोगंजातल्याच एका इस्पितळात होती. आत आयसीयू, बाहेर बाक. त्या सकाळी रमा खाली औषधं घ्यायला गेली होती आणि आत्या बाकावर एकटी होती. सिस्टर दार ढकलून बाहेर आली. "पालवी कौन है? पेशंट बुला रही हैं, पालवी को भेजो।" पंचवीस वर्षं जे नाव घरात कुणी उच्चारलं नव्हतं, ते ह्या अनोळखी केरळी पोरीच्या तोंडी! आता रमा वर येणार, विचारणार, पालवी कोण, आणि मग सगळंच निघणार. "यहाँ ऐसी कोई नहीं है," आत्या म्हणाली. सिस्टर आत गेली आणि पाच मिनिटांनी पुन्हा आली. "देखिए ना, बार-बार नाम ले रही हैं। बेटी है क्या?" आत्या म्हणाली, "नहीं, कोई नहीं।" डॉक्टरांनी सकाळीच सांगितलं होतं, तब्येत ठीक आहे. मग संध्याकाळी आपणच आत जाऊ, शैलजाचा हात धरू आणि माफी मागू, असं आत्याने मनाशी ठरवलं. रमा औषधांची पिशवी घेऊन वर आली तेव्हा शैलजा बेशुद्ध झाली होती. ती शुद्धीवर आलीच नाही.

तेव्हापासून रमा सांगत आलीय, आई जाताना माझ्याशी एक शब्द बोलली नाही. आणि आत्या तिच्या केसांतून हात फिरवत आलीय.

लग्नाआधीच्या त्या आठ दिवसांत आत्याने सांगायचा प्रयत्न केला नाही असं नाही. एका सकाळी पोहे वाढताना म्हणाली, "रमे, एक सांगायचं होतं." रमा म्हणाली, "रमे नाही, पालवी! प्रॅक्टिस कर ना!" झालं, आत्याने पोह्यांवर खोबरं घातलं. दुसऱ्या दिवशी मोहनच्या कारखान्यातल्या रामभाऊंना पत्रिका द्यायला दोघी पोलोग्राउंडला गेल्या. रमाने एका भिंतीपाशी स्कूटर थांबवली. भिंत आता अर्धी ढासळली होती, पिंपळ मात्र चांगला माणसाच्या दुप्पट झाला होता, आणि चैत्राचीच पानं, तीच तांबूस.

"आई शाळेतून मला आणताना रोज इथे थांबायची," रमा म्हणाली. "सिग्नल नाही, काही नाही. नुसती वर बघायची आणि मग माझ्याकडे बघायची. मला वाटायचं, दमली असेल." तिने फोन काढून झाडाचा फोटो घेतला. "हीच ना गं पालवी? निशांतला पाठवते."

"हीच," आत्या म्हणाली. तिचे डोळे भरून आले. रमाला वाटलं, लग्नाचं आलंय. तिने मागे हात करून आत्याचा गुडघा थोपटला.

लग्न छान झालं. लक्ष्मीपूजन कार्यालयातच होतं. चांदीच्या ताटात तांदूळ पसरले, निशांतने अंगठीने हळूहळू अक्षरं काढली, आणि बायका वाकून वाकून वाचायला लागल्या. पालवी. फोटोवाला म्हणाला, "भाभीजी, थाली थोड़ी ऊपर।" रमाने ताट उचलून धरलं. तिच्या चेहऱ्यावर इतका आनंद होता, की आत्याला तिथे उभं राहवेना. हा आनंद बघायला जी हवी होती तिचा फोटो घरी भिंतीवर होता, आणि तिच्या वाटणीचं कौतुक घेत आत्या नवी साडी नेसून इथे उभी होती. "आत्याबाईंनी सुचवलं हो!" अरुंधतीबाई येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होत्या.

पाठवणीची वेळ झाली. गाडी दाराशी लागली. रमाने एकेका मोठ्या माणसाला वाकून नमस्कार केला. आत्याचा नमस्कार तिने सगळ्यात शेवटी ठेवला होता. जवळ आली, पण वाकायच्या आधी गळ्यात पडली आणि इतका वेळ आवरलेलं रडू फुटलं.

"आत्या, आई असती ना," ती कानाशी म्हणाली, "तर ह्या नावाने तरी तिने हाक मारली असती ना गं मला?"

आता कुठलीही आत्या म्हणाली असती, हो गं बाळा, मारली असती. तेवढं म्हटलं असतं की पोरगी डोळे पुसून गाडीत बसली असती, जन्मभर माया राहिली असती, आणि कुणाला काही कळलं नसतं. तेच म्हणायला आत्याने तोंड उघडलं.

"मारली होती," ती म्हणाली.

रमा मागे सरकली. "काय?"

"नाव तिचंच आहे. तुझ्या जन्माच्या आधी ठेवलं होतं तिने. पाळण्यात मी बदललं. आणि इस्पितळात त्या सकाळी ती तुला ह्याच नावाने बोलावत होती. सिस्टर बाहेर आली होती विचारायला, पालवी कौन है."

"मी कुठे होते?"

"खाली. औषधाच्या दुकानात."

"आणि तू?"

"बाहेर, बाकावर," आत्या म्हणाली. "दोनदा विचारलं तिने. दोन्ही वेळा मी सांगितलं, कोई नहीं."

गाडीजवळून निशांतने हाक मारली, "पालवी, चल ना, उशीर होतोय." त्या नावाने तिला आलेली ती पहिलीच हाक. रमाने वळून पाहिलं नाही. ती आत्याकडे बघत राहिली. हिने चारचौघांत आता पाठीत मारावं, हवं तेवढं मारावं, असं आत्याला वाटत होतं. ती तशी थोडी वाकलीही.

रमाने पदर सावरला, वळली आणि गाडीत जाऊन बसली. दार लागलं. मागे कुणीतरी म्हणालं, "अगं, आत्याला नमस्कार राहिला की!" पण गाडी निघाली होती.