गावाने रोखलेली बढती

जमुनाबाई आणि मी एकाच उपकेंद्रात नर्स, त्यामुळे त्यांच्यावर चिडायचा हक्क माझा आहे. येत्या उन्हाळ्यात बाई निवृत्त होणार. तोवर त्यांना आश्वासित प्रगती योजनेचा लाभ मिळाला नाही, तर पेन्शनही जन्मभर कमीच बसणार. वर्षानुवर्षं बढती न मिळालेल्यांना सरकार वरची वेतनश्रेणी देतं, ती ही योजना. आमची सगळ्यांचीच अडली होती, म्हणून आम्ही मिळून नागपूरला हायकोर्टात याचिका टाकली. बाकीच्यांचं प्रकरण सरळ होतं. बाईंच्या नावापुढे मात्र शेरा निघाला, 'पदोन्नती नाकारली', आणि नाकारणाऱ्याला लाभ मिळत नाही.

आता खरं सांगते. बाईंनी काहीच नाकारलं नव्हतं, नाकारलं होतं गावाने. दवनीवाड्याकडचं आमचं हे गाव. बाईंची बढती सडक अर्जुनीला झाल्याचं कळताच तेव्हाचे सरपंच केशोराव ग्रामसभेचा ठराव आणि ट्रॅक्टर भरून माणसं घेऊन गोंदियाला गेले आणि जिल्हा परिषदेसमोर ठाण मांडून बसले. "बाई गेली त आमच्या बायांनी कोनाच्या तोंडाकडं पाहाचं?" साहेबांनीही कटकट नको म्हणून आदेश रद्द केला आणि शेरा मारून मोकळे झाले. संध्याकाळी गावात फटाके फुटले, बायांनी बाईंची ओटी भरली. तेव्हापासून नवा डॉक्टर आला की केशोराव कौतुकाने सांगतात, "ह्या बाईनं आमच्यासाठी प्रमोशनले लाथ मारली जी!" बाई नुसत्या हसतात.

बाईंचं घर सडक अर्जुनीला. मुलगा भुपेंद्र तिथे बापाजवळ वाढला, आणि आई त्याला रविवारची भेटायची. बढतीचं कळलं तेव्हा बाईंनी सामानही बांधलं होतं. हे त्यांनी मला इतक्या वर्षांत परवा सांगितलं, तेही आमच्या याचिकेच्या वकीलबाईंनी फोनवर खोदून विचारलं म्हणून. वकीलबाई म्हणाल्या, 'मला जायचं होतं' असं प्रतिज्ञापत्र करा, आणि तुम्हाला न विचारता अडवलं असं त्या सरपंचांकडून लिहून घ्या.

"मी नाही लिवत," बाई म्हणाल्या. "साऱ्या गावाले वाटते, मी त्यायच्यासाठी थांबली. आता केशोराव म्हाताऱ्याले हे कोन्या तोंडानं सांगू?"

माझं डोकंच फिरलं. "तुमी गावाचं मन सांभाळा बाई, म्हातारपणी तुमाले कोन सांभाळते ते पाहू!" दुसऱ्या दिवशी मीच केशोरावांना निरोप धाडला. ते पिशवीभर वांगी घेऊन हसत आले. बाईंच्या नावाने रात्री मीच लिहून काढलेलं प्रतिज्ञापत्र मी वाचून दाखवलं. त्यात होतं: मला बढती हवी होती. माझा मुलगा लहान होता. गावाने मला विचारलं नाही. मग वकीलबाईंना सरपंचांकडून हवा होता तो कागद कोराच त्यांच्यापुढे ठेवला. बाई आमच्याकडे पाठ करून लसींचा डबा आवरत राहिल्या. मला त्यांची दया आली आणि स्वतःचा रागही.

केशोरावांचं हसू गेलं. "बाई, हे खरं हाय?"

"हाव."

"मंग तवाच काऊन नाही सांगतलं?"

बाई वळल्या. "सांगतलं असतं, त सोडलं असतं का भाऊ मले?"

म्हातारा आता भडकणार, नाहीतर सारवासारव करणार, असं मला वाटलं. त्यांनी वांग्यांची पिशवी खाली ठेवली.

"नाही," ते म्हणाले. "नसतं सोडलं. माह्या सुनेचे दिवस भरत आले होते तवा." मग माझ्याकडे वळले. "संध्या, माह्या कागदावर सारं लिव. बाईचं पोरगं लहान हाय, हे आमाले ठाऊक होतं. विचारलं असतं त बाई जातो म्हणली असती, हे बी ठाऊक होतं. म्हणूनच विचारलं नाही."

बाई खाली बसल्या आणि पदर तोंडाला लावून रडू लागल्या. केशोरावांनी त्यांना उगी केलं नाही. माझ्या हातातला पेन घेतला आणि सही कुठे करायची ते विचारलं.