कुर्ट साहेबांचा टाइपरायटर

मी टाइपरायटर. जन्म जर्मनीचा, मुक्काम घिवली, नर्मदा कोळणीची ओटी. खाऱ्या वाऱ्यानं माझी निम्मी बटणं गंजली आहेत. पण तोंड अजून मिटलेलं नाही, तेव्हा ऐकाच.

माझे मालक कुर्ट साहेब सिनेमाच्या कथा लिहायचे. लढाईच्या काळात त्यांनी सरकारला हवं ते लिहिलं. लढाई संपली, सरकार बुडालं, साहेब मात्र तरंगले. मग निर्मात्याला हवं ते लिहू लागले: डोंगर, डॉक्टर आणि शेवटी लग्न. वारा येईल तशी पाठ द्यायची, एवढीच त्यांची विद्या. पुढे तरुण मंडळी त्यांना हसू लागली, तेव्हा साहेब म्हणाले, "मरण्याआधी एक तरी खरी गोष्ट लिहीन."

ती शोधत ते १९६५ साली इथे आले. शेजारी तारापूरला वीजकेंद्र उभं राहत होतं. तिथला इंग्रजी जाणणारा कारकून आनंदा त्यांचा दुभाषी झाला.

नर्मदाचा नवरा पुंडलिक आदल्या वर्षी बुडाला होता. नारळी पुनव व्हायची होती, दर्याला नारळ दिलेला नव्हता, तरी त्यानं होडी लोटली. गाव म्हणे, हावेपायी मेला.

"हावेपायी नाय, सायबा," नर्मदा म्हणाली. "गावच्याच सुकाची होडी खडकावर आपटली. त्याला काढाया गेला माजा दादला. सुका वाचला नि तोंड शिवून बसला. नारळाआधी पयला तोच गेलता ना! तुमी तेवढं लिवा."

साहेबांनी महिनाभर ते लिहिलं. इतक्या आनंदानं मी कधी खडखडलो नव्हतो. नर्मदा त्यांना रोज म्हावरं रांधून वाढायची.

मग निर्मात्याचं पत्र आलं. त्याला हावरा कोळी हवा होता आणि कोपलेला समुद्र. साहेब दोन दिवस किनाऱ्यावर फिरत राहिले. तिसऱ्या दिवशी त्यांनी कोरा कागद लावला. बटण दाबलं की मी उमटवतो. मला तरी कणा कुठे होता?

निघण्याआधी गावानं गोष्ट ऐकायचा हट्ट धरला. साहेब इंग्रजीत सांगत गेले, आनंदा मराठीत. पुंडलिकाची हाव आली तसा आनंदा अडखळला. सुकानं मात्र सगळ्यांआधी मान डोलावली. "बरोबर लिवलाय सायबानं!"

नर्मदा उठली. "सायबा, माज्या हातचं जेवलास तू."

साहेबांनी कागद आवरले. सकाळी ते गेले. मला भेट म्हणून तिच्या ओटीवर ठेवून गेले. लाज वाटली की माणसं वस्तू देतात.

सिनेमा निघाला की नाही, ठाऊक नाही. गावाला त्याची गरजच नाही. पुंडलिकाचं नाव निघालं की लोक माझ्याकडे बोट दाखवतात, "परदेशी सायबानं बी तसंच लिवलंय."

नर्मदा मला रोज पुसते. शिकलेलं कोणी आलं की म्हणते, "ह्याच्यावर खरी ओळ लिवून दे." माझ्या अंगात एकही मराठी अक्षर नाही, हे तिला कोणी सांगत नाही. वाचणाऱ्यांनो, तुमच्याजवळ शाई आहे. तुम्हीच लिहा: पुंडलिक सुकाला वाचवायला गेला होता.