उजव्या गालावरचा तीळ

पोपटच्या कागदांवर विश्वास ठेवायचा, तर कल्याण-डोंबिवलीतल्या निम्म्या ड्रायव्हरांच्या उजव्या गालावर तीळ होता. रिक्षावाले, टेम्पोवाले, टँकरवाले, काळे, गोरे, दाढीवाले, सगळ्यांच्या. लायसनच्या अर्जात अंगावरच्या खुणेचा एक रकाना असतो. प्रत्येकाला समोर उभं करून ‘बाबा रे, तुझ्या अंगावर काय खूण आहे’ असं विचारत बसायला एजंट माणसाला वेळ कुठला? पोपटने कधीकाळी एकाचा खराखुरा तीळ लिहिला, तो त्याच्या हाताला बसला, आणि पुढे वीस वर्षं तोच तीळ तो गावभर वाटत राहिला.

मंजुळेच्या वाट्यालाही तो आला होता. तिला मात्र त्याचा पत्ता नव्हता.

मंजुळा अहिरे, वय त्रेपन्न. डोंबिवलीच्या एमआयडीसीतून रंगाची पिंपं भरायची आणि भिवंडीला कापडाच्या कारखान्यांत उतरवायची. टेम्पो सहा चाकी. स्टिअरिंगवर बसली की तिच्या ओठांवर ओवी यायचीच. आईची जात्यावरची चाल, शब्द तिचे स्वतःचे.

सहा चाकांचा गं गाडा, त्यात रंगाची गं पिंपं
मी निघाले भिवंडीला, पदराला लाल ठिपकं

टेम्पो मुळात तिच्या नवऱ्याचा, महिपतचा. ती शेजारी बसायची, ताडपत्री आवळायची, मागे उभी राहून गाडी लावून द्यायची. त्यानेच तिला चालवायला शिकवलं, लायसनही काढायला लावलं. पाच वर्षांपूर्वी दोघांची लायसनं एकदमच नूतनीकरणाला आली, तेव्हा दोघांनी पोपटकडे कोऱ्या अर्जांवर सह्या करून दिल्या. डॉक्टरचा दाखला पोपटच आणून द्यायचा. डॉक्टरने महिपतला पाहिलं नव्हतं आणि महिपतने डॉक्टरला. कागदावर महिपतचे डोळे ठणठणीत होते. खरे डोळे साखरेने आतून पोखरत आणले होते. वर्षभरात एका दुपारी शिळफाट्याच्या वळणावर त्याला समोरची कांद्याची हातगाडी दिसलीच नाही. मंजुळेने शेजारून हँडब्रेक ओढला म्हणून माणूस वाचला. कांदे रस्ताभर लोळले.

त्या दिवशी महिपत स्टिअरिंगवरून उतरला तो कायमचा. मंजुळा बसली. आणि तिने मनाशी ठरवलं की आपल्याबद्दलचा एकही कागद यापुढे आपल्याला न बघता कुणी लिहायचा नाही.

म्हणून या खेपेला ती पोपटकडे गेली नाही. लेकीने, शिवानीने, मोबाइलवर अर्ज भरून दिला. जुनी माहिती मशीनने आपोआप ओढून घेतली, ती काही दोघींनी वाचली नाही. दाखल्यासाठी मंजुळा स्टेशनजवळच्या एका डॉक्टरकडे गेली. त्याने तिला भिंतीशी उभं केलं, एकेक डोळा झाकून तक्ता वाचायला लावला, पाठीमागून कुजबुजून ऐकू येतं का पाहिलं. बाहेर पडताना तिला उगाचच परीक्षेत पास झाल्यासारखं वाटलं.

एवढं सगळं करून आरटीओत जायची तारीख मिळाली ती नेमकी शेवटच्या दिवसाची. लायसन आज संपत होतं. उद्या सकाळी कंपनीच्या गेटवर वॉचमन लायसन बघणार, तारीख उलटलेली दिसली की टेम्पो बाहेरच. दुसरा ट्रान्सपोर्टवाला या फेऱ्यांवर कधीचा टपून होता. एक दिवस रिकामा मिळाला की तो आत शिरणार, मग त्याला कोण बाहेर काढणार?

कार्यालयाच्या फाटकाशी पोपट स्कूटरच्या सीटवर कागद पसरून बसला होता.

“वहिनी, आज इकडे? आणि परस्पर? महिपत बरा ना?”

“बरा आहे. तुमच्या डॉक्टरने लिहिलंय त्यापेक्षा थोडं कमी दिसतं, एवढंच.”

पोपट हसला. त्याला टोमणे पावसासारखे, अंगावरून जायचे. “लागलं काही तर मी आहे इथेच,” तो म्हणाला.

खिडकीशी पोचायला दोन तास गेले. आतला कारकून, सुधीर, तिशीतला, मानेला पट्टा लावलेला. त्याने स्क्रीनकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं, पुन्हा स्क्रीनकडे.

“मावशी, मान जरा डावीकडे करा.”

तिने केली.

“अजून थोडी.”

“काय रे, लग्नाचा फोटो काढतोस का माझा?”

“तीळ कुठाय?”

“कसला तीळ?”

“उजव्या गालावरचा. इथे लिहिलाय.”

“लिहिलाय ना? मग तिथेच असेल.”

रांग हसली. सुधीर हसला नाही. “मस्करी नको मावशी. खूण जुळल्याशिवाय मला पुढे पाठवता येत नाही. हल्ली वरून सूचना आहे, प्रत्येकाची खूण तपासायची.”

“माझ्या गालावर जन्मात तीळ नव्हता.”

“मागच्या अर्जावर सही तुमचीच आहे.”

सही तिचीच होती. सुधीरने आवाज खाली आणला. “पाच मिनिटं बाहेर जाऊन या ना.”

“बाहेर जाऊन काय करू?”

“सगळे करतात ते,” असं म्हणून त्याने कीबोर्डकडे पाहिलं.

तिच्या मागे सीताराम उभा होता. कल्याणचा जुना रिक्षावाला, साठीला टेकलेला, दोन तासांच्या रांगेत ओळखीचा झालेला. त्याने गाल पुढे केला. “ताई, पोपटकडे काजळाची पेन्सिल आहे. एक टिंब लावायचं की काम झालं. हा बघ, माझा.”

तेव्हा कुठे मंजुळेने रांग नीट पाहिली. खिडकीपासून दारापर्यंत उजव्या गालांची ओळ, आणि गालागालावर काळा ठिपका. कुणाचा मोहरीएवढा, कुणाचा वाटाण्याएवढा. एकाने गाडीच्या आरशात बघून स्वतःच लावला होता, तो डाव्या गालावर गेलेला.

ती बाहेर आली. पोपट तयारच होता, पेन्सिलीचं टोपण काढून. “हनुवटी वर करा वहिनी. दोन सेकंद.”

खोटं कशाला बोला, तिने हनुवटी वर केली. डोळ्यांपुढे कंपनीचं गेट होतं, गेटपाशी दुसऱ्याचा टेम्पो होता. एका टिंबाने असं काय बिघडणार होतं? घरी जाऊन साबणाने धुतलं की संपलं. पेन्सिलीचं टोक गालाला टेकलं, थंड, आणि तिला शिवानीचा तान्हेपणीचा गाल आठवला. आंघोळ घालून, धुरी देऊन त्या गालावर ती काजळाची तीट लावायची. लेकराला कुणाची नजर लागू नये म्हणून. इथे तर कुणी नजर टाकलेलीच नव्हती. न बघता लिहिलं, न बघता सही केली, न बघता शिक्का मारला, आणि आता त्या न बघण्याला शोभेल असा चेहरा तिने करून आणायचा.

तिने त्याचा हात बाजूला सारला.

“पोपटभाऊ, महिपतला तुम्ही डोळे लावलेत. मला आता तीळ लावताय. असं करत करत आमच्यातलं आमचं काय ठेवणार आहात?”

“अहो वहिनी, साधं टिंब आहे.”

“साधं आहे तर तुम्हीच लावा. गोरे आहात, खुलून दिसेल.”

ती परत फिरली. आत जाताना ओठांवर ओवी आपसूक आली. गुणगुणणं नव्हतंच ते, दातांत धरलेलं काहीतरी होतं.

आईनं गं दिला गाल, त्याला तिळाचा नाही साज
कागदाच्या खोट्यापायी कशी रंगवू मी आज

सीतारामने तिची जागा राखून ठेवली होती. सुधीरने मान वर केली, गाल पाहिला, आणि सुस्कारा सोडला.

“मावशी, काय हे.”

“तू माझं काम नाकारतोयस ना? नाकार. पण लेखी दे. कशामुळे नाकारलं ते लिही, खाली सही कर, शिक्का मार.”

“एवढ्याशासाठी?”

“एवढंसंच आहे तर एका ओळीत बसेल.”

सुधीरने रागारागाने कागद ओढला आणि लिहायला लागला. लिहिता लिहिता सवयीने मोठ्याने वाचत होता. “अर्जदाराच्या उजव्या गालावर तीळ आढळून न आल्याने...” इथे पेन थांबलं.

“थांबलास का? पुढे लिही. सदर तीळ बाहेरून लावून येण्यास सांगितले असता अर्जदाराने नकार दिला.”

रांगेत खसखस पिकली. मागून एक उंच टँकरवाला वैतागला. “ओ काकी, लावा ना टिंब. जेवायची सुट्टी होईल यांची, आम्ही लटकू.”

मंजुळा वळली. “बाबा, तुझा तीळ घामाने हनुवटीपर्यंत आलाय. आधी तो आवर.”

त्याने गालाला हात लावला, बोटं काळी झाली. शेजारचे हसले, मग तोही हसला.

सुधीर हसत नव्हता. पेन खाली ठेवून म्हणाला, “मावशी, मला नोकरी आहे.”

“मलाही आहे. उद्या सकाळी सातला पिंपांची भरणी आहे माझी. माझी सुटली तरी चालेल असं तूच ठरवलंस का?”

तो उठला. अर्धवट लिहिलेला कागद घेऊन आतल्या खोलीत गेला. थोड्या वेळाने दार किलकिलं झालं आणि मंजुळेला आत बोलावणं आलं.

आत निरीक्षक होत्या ऋजुता मॅडम. चाळिशीच्या अलीकडच्या, डोळ्यांखाली कामाच्या सावल्या. त्यांच्यासमोर तो कागद होता.

“मावशी, बसा. तुम्ही सही न वाचता केली होती?”

“हो. कोऱ्या कागदावर केली. ती चूक माझी, मी लिहून देते. पण तीळ माझा नाही, तो मी गालावर घेणार नाही.”

“नियमाने बघायला गेलं तर आधी दुरुस्तीचा अर्ज, मग नूतनीकरण. आठ-दहा दिवस जातात.”

“मॅडम, लायसन आज संपतंय. टिंब लावून आले असते तर आजच झालं असतं ना?”

मॅडमनी समोरचा कागद सरळ केला.

“म्हणजे खोटं आज होतं आणि खऱ्याला आठ दिवस. हेही लेखी द्या मला. गेटवरच्या वॉचमनला दाखवते.”

मॅडमनी स्क्रीन स्वतःकडे वळवला. मंजुळेचा पाच वर्षांपूर्वीचा फोटो उघडला. केस काळे, गाल स्वच्छ, तिळाचा मागमूस नाही. फोटोखाली लिहिलं होतं, उजव्या गालावर तीळ. त्याखाली, खुणेची पडताळणी केली. त्याखाली पडताळणी करणाऱ्याचं नाव. ते वाचताना मॅडमचा हात माउसवरच थबकला.

“माझंच नाव आहे,” त्या हळू म्हणाल्या. “नवीन होते तेव्हा. संध्याकाळपर्यंत ढीग संपवायचा असायचा.”

मंजुळेला त्यांना बोलता आलं असतं. शिळफाट्याचे कांदे तिच्या जिभेवर आले होते. पण समोरच्या बाईने स्वतःचं नाव स्वतः सांगितलं होतं, लपवलं नव्हतं.

“मीही बघितलं नाही, तुम्हीही नाही,” ती म्हणाली. “आज बघा. मी समोरच बसलेय.”

ऋजुता मॅडम खुर्चीतून उठल्या, टेबलाला वळसा घालून आल्या आणि खिडकीच्या उजेडात मंजुळेचा चेहरा पाहू लागल्या. त्या चेहऱ्याकडे असं निवांत कुणी पाहून किती वर्षं झाली होती. मंजुळेने नजर खाली केली नाही.

“भुवईवर काय लागलंय?”

“ताडपत्रीचा हूक. दोर सुटला आणि आला सटकन. चार टाके.”

“आणि हे मनगटावर?”

“सायलेन्सर.”

मॅडमनी सुधीरला हाक मारली. “यांच्याकडून स्वतःच्या हातचं निवेदन घे, मी आत्ता दुरुस्ती मंजूर करते. नूतनीकरण आजच पुढे पाठव. आणि सुधीर, तो तुझा कागद फाडू नकोस. मला लागेल.”

खिडकीच्या कट्ट्यावर वाकून मंजुळेने निवेदन लिहिलं. अक्षर मोठं, गोल, शाळेतलं. ‘माझ्या डाव्या भुवईवर व्रण आहे. तो ताडपत्री बांधताना पडला. उजव्या मनगटावर भाजल्याची खूण आहे. ती गाडीची आहे.’

“मावशी, खूण फक्त लिहायची. कशाने पडली ते नको,” सुधीर म्हणाला.

“राहू दे. जागा आहे ना कागदावर?”

त्याने क्षणभर पाहिलं, आणि शिक्का मारला. फोटो झाला, सही झाली, पावती हातात आली. संध्याकाळच्या आत मोबाइलवर दिसेल, तो म्हणाला, गेटवर तेवढं चालतं.

“पुढचे या.”

सीताराम पुढे झाला. सुधीरने स्क्रीन पाहिला, गालावरचं टिंब पाहिलं, आणि तोंड उघडायच्या आतच सीतारामने खांद्यावरच्या टॉवेलचं टोक जिभेने ओलं करून गाल खसाखसा पुसला. काळा फराटा पार कानापर्यंत गेला.

“माझीपण दुरुस्ती घे,” तो म्हणाला. मग कावराबावरा होऊन मंजुळेकडे वळला. “पण ताई, मला खूणच नाही कुठली. साधा पडलोसुद्धा नाही कधी. काय लिहू?”

“हात बघू.”

त्याने दोन्ही तळवे पुढे केले. अंगठ्याच्या बेचक्यात, रिक्षाच्या हँडलची मूठ जिथे रोज फिरते तिथे, चामडी पिवळी आणि कडक झाली होती, चिंचोक्यासारखी. मंजुळेने ते हात तसेच खिडकीतून आत सरकवले.

“लिही रे सुधीर,” ती म्हणाली. “नीट बघून लिही.”

रांगेत मागे कुणीतरी रुमाल काढला. टँकरवाला बाटलीतलं पाणी गालावर घेत होता.