साठ सेकंद आणि उलटी बाजू

मित्रांनो, मी एक जुने स्टॉपवॉच आहे. आज कपाटात पडून असले, तरी एके काळी माझा तोरा काही विचारू नका!

परळच्या एका केंद्रात सुनेत्राबाई मुलांची बुद्धी मोजायच्या. कोडी, चित्रे, ठोकळे आणि शेजारी मी. माझ्याशिवाय बुद्धी मोजताच येत नाही, अशी माझी ठाम समजूत होती.

गिरण्यांचा संप सुरू होऊन आठ महिने झाले होते. काळाचौकीचे जयवंत आपल्या नऊ वर्षांच्या शेवंतीला घेऊन आले. ते मिलमध्ये कापड विणायचे. 'मुलगी मंद आहे, वेगळ्या शाळेत घाला,' अशी शाळेची चिठ्ठी त्यांच्या हातात होती.

"बाई, पोरगी खुळी नाय हो," ते म्हणाले. "सगळा समजता तिका. फक्त सावकाश करता."

त्यांना बाहेर बसवून बाईंनी चार लाल-पांढरे ठोकळे मांडले. चित्रातली नक्षी साठ सेकंदांत जुळवायची आणि 'झालं' म्हणायचे. शेवंतीने चाळिसाव्या सेकंदालाच नक्षी जुळवली, पण ती बोलेना. एकेक ठोकळा उचलून खाली बघत बसली. साठ झाले. शून्य गुण! पुढच्या नक्षीलाही तेच. मला तर तिची कीवच आली.

"अगं, खाली काय बघतेस?" बाईंनी विचारले.

"उलटी बाजू. बाबा बोलतात, उलटी बाजू बघितल्याशिवाय कापड पास नाय करायचं."

मग बाईंनी मला उचलून टेबलावर चक्क पालथे ठेवले! अपमानाने माझा जीव जळला. शेवंतीने मात्र सावकाश, उलटसुलट तपासत, सगळ्या नक्ष्या बिनचूक जुळवल्या. बाईंनी आधीची शून्ये खोडली नाहीत. त्याखाली लिहिले, 'वेळेची अट न लावता सर्व बरोबर. मुलगी खात्री करून उत्तर देते. हिला याच शाळेत ठेवावे.' जयवंतांना आत बोलावून त्यांनी ते वाचून दाखवले, तेव्हा जयवंतांनी भिंतीकडे तोंड करून डोळे पुसले.

शाळेने ऐकले. जयवंतांची मिल पुन्हा उघडली नाही, पण सहा वर्षांनी शेवंती दहावी पास झाल्याचे पेढे घेऊन आली. बाईंनी पेढा आधी उलटा करून पाहिला, आणि दोघी खळखळून हसल्या. तेव्हा माझाही राग गेला.

मित्रांनो, मी अजून चालू आहे. मला चावी द्या, खुशाल मोजा. फक्त समोर एखादी शेवंती बसली, तर मला थोडा वेळ पालथे ठेवा. मी रागावणार नाही.