ओळीतली एकशे त्रेचाळीस सूत्रे

मंगळवार, दिनांक १८ फेब्रुवारी २०२५, सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी देवराम नाखवाच्या पानावरची, वाक्यांच्या ओळींत बसवलेली गणिती सूत्रे मोजून झाली, तेव्हा ती एकशे त्रेचाळीस भरली. गुणाजी मढवींनी खात्रीसाठी ती खालून वर पुन्हा मोजली. एकशे त्रेचाळीसच. आणि त्यांतले एकही धड बसलेले नव्हते. आठ दिवसांत प्रथमच गुणाजींना चहा गोड लागला.

पान होते 'मुक्त तंत्रकोशा'वर. कुणीही लिहावे, कुणीही सुधारावे, असा हा संगणकावरचा मराठी कोश. दर महिन्याला लेखकांच्या मतांनी एक पान निवडले जाई आणि महिनाभर ते मुखपृष्ठावर झळके. आठ दिवसांपूर्वी मार्चचे मतदान सुरू झाले, तेव्हा दोनच पाने उरली होती : गुणाजींचे तुळईवर, देवरामचे स्तंभावर. गुणाजींनी आपल्या पानावर तीन वर्षे घालवली होती आणि डोंबिवलीच्या ज्येष्ठांच्या कट्ट्यावर "मार्चमध्ये मुखपृष्ठ पाहा" असे सांगूनही टाकले होते. आता तिथे दुसरा कुणी आला, तर कट्ट्यावर तोंड दाखवायची सोय नव्हती.

आणि दुसरा म्हणजे देवरामच!

दोघे एकाच तंत्रनिकेतनात, एकाच बाकावर शिकलेले. आराखड्याच्या कागदावर खालच्या कोपऱ्यात दोन रकाने असत : 'काढले' आणि 'तपासले'. मुलांनी एकमेकांचे कागद तपासायचे, अशी सरांची पद्धत. कोपरीच्या कोळ्यांचा हा देवराम रेघ अशी ओढी, की वल्ह्याच्या एका फटक्यात होडी पलीकडे. शेवटच्या वर्षी त्याचा कागद वर्गाच्या भिंतीवर लागला. त्यातली चुकलेली तीन मापे गुणाजींनी तपासताना दुरुस्त केली होती. पण पाहणारा वरचे नाव वाचून पुढे जाई, 'तपासले'पाशी कुणाची मान वाकत नसे. पुढे गुणाजी मोहन्याच्या कारखान्यात देखभालीला लागले, देवराम माजिवड्याला आराखडे काढू लागला, दोघांचे केस पिकले. तो कागद मात्र गुणाजींच्या मनाच्या भिंतीवरून कधी उतरला नाही.

त्यात भर अशी, की कोशाच्या नियमाने स्वतःच्या पानाला मत देता येत नसे, म्हणून देवरामने पहिल्याच दिवशी आपले मत गुणाजींना देऊन टाकले होते. वर शेरा : 'सूत्रांची मांडणी शिकण्यासारखी.' हे औदार्य गुणाजींना मिरचीसारखे झोंबले. ज्याला हरण्याची धास्ती नाही, तोच असा दिलदार होतो!

म्हणून त्यांनी देवरामच्या पानाखाली रीतसर आक्षेप नोंदवला. 'ओळीतली १४३ सूत्रे सदोष. उभ्या अपूर्णांकांमुळे ओळी फाकल्या आहेत. वजाबाकीचे चिन्ह आखूड आहे. सूत्रातले अक्षर एका ओळीच्या टोकाला राहते आणि त्याचा "ला" किंवा "ने" खालच्या ओळीत घरंगळतो.'

कोशाचा दंडक असा, की आक्षेप घेणाऱ्याने नमुन्यादाखल एक परिच्छेद स्वतः सुधारून दाखवावा. गुणाजींनी दुसरा परिच्छेद घेतला. अपूर्णांक तिरप्या रेघेने आडवे केले, चिन्हांची अक्षरे कलती केली, एकके सरळ ठेवली, वजाचे चिन्ह लांबवले आणि प्रत्येक अक्षराला त्याचा प्रत्यय असा बांधला, की ओळ मोडली तरी दोघे सोबतच जातील. परिच्छेद परीटघडीचा दिसू लागला, आणि त्याखालचा तिसरा अधिकच गबाळा. हेच तर हवे होते. इथे हात आवरायला हवा होता. पण निम्मे बोल्ट आवळून यंत्र सोडून देण्याची सवय त्या हातांना कधी नव्हतीच. 'तिसराही करू, तुलना अधिक ठसेल,' असे मनाशी म्हणत त्यांनी तिसरा केला. मग चौथा.

दुपारी फोन वाजला.

"अरे गुणा, माझ्या पानावर कोण इस्त्री फिरवतोय म्हणून बघतो, तर तू!"

"मी आक्षेप घेतला आहे, देवराम. वाच आधी."

"वाचला की. खरं आहे तुझं. मला कुठे जमतात रे ते नखरे? कॉलेजातपण तूच सुधारायचास. त्या भिंतीवरच्या कागदात तीन मापं होती ना?"

"तुला आठवतं?"

"न आठवायला काय झालं? मी सरांकडे गेलेलो, म्हटलं गुणाचं नाव पण वर घाला. सर म्हणाले, काढलं कोणी? मग त्याचंच."

गुणाजींनी फोन ठेवला. जे गाऱ्हाणे पन्नास वर्षे उराशी जपले, तेही या गृहस्थाने आधीच सरांपुढे मांडून ठेवले होते. त्यातही हाच पुढे! ते दात-ओठ खात पाचव्या परिच्छेदाकडे वळले.

"जेवाला येताय ना? डाळ निवली," त्यांच्या पत्नी कमळाबाई दारातून म्हणाल्या. "कोनाचं काम चाललंय एवढं?"

"देवरामचे."

"त्याच्याशी तर तुमचं वाकडं!"

"वाकडेच आहे."

"मंग त्याला तसं कळवा तरी. नायतर तो म्हनंल, गुणाजीनं दोस्ती केली."

गुरुवारी दुपारी चारला शेवटचे सूत्र बसले. गुणाजींनी मते पाहिली. मंगळवारी त्यांना सात आणि देवरामला चार होती. आता देवरामलाही सात. नव्या तिघांतल्या एकाने लिहिले होते, 'पान आता किती सुरेख वाचता येते! नाखवांचे अभिनंदन.' दुरुस्ती कुणाची, हे पानाच्या इतिहासात नोंदलेले होते. तिथे कुणाची मान वाकली नव्हती.

मते समसमान झाली, तर जुन्या पानाला मान, आणि जुने पान गुणाजींचे. मुदत संध्याकाळी सहापर्यंत. ज्याने मत दिले नव्हते असा एकच लेखक उरला होता : ते स्वतः.

"म्हंजे नुसतं गप बसलं तरी तुम्हीच जिंकता?" कमळाबाईंनी विचारले.

"होय."

"मंग बसा की गप. तेवढं तरी जमंल का?"

गुणाजी गप्प बसले. वेळ घालवायला म्हणून त्यांनी देवरामचे पान वरून खाली वाचले. एकही ओळ फाकलेली नव्हती, एकही प्रत्यय पोरका नव्हता. मग स्वतःचे पान उघडले. त्यात ओळीतली सूत्रे अवघी एकसष्ट. तीही तीन वर्षांपूर्वीच्या कच्च्या हाताने बसवलेली. आणि या एकसष्टांनी त्या एकशे त्रेचाळिसांना हरवायचे? ती कुणाची होती? देवरामची? त्यातले एक तरी त्याला बसवता आले असते का? गुणाजींच्या छातीत ओळखीची जळजळ उठली. पण या वेळी ती त्यांच्या स्वतःच्याच पानावर होती.

सहाला वीस मिनिटे असताना त्यांनी देवरामच्या पानाला मत दिले. शेऱ्याच्या चौकटीत, कुणाच्याही डोळ्यांतून निसटू नये अशा ठळक अक्षरांत लिहिले : 'सर्व सूत्रे बसवली : गुणाजी मढवी. तपासली : गुणाजी मढवी.'

सहा वाजता निकाल लागला. देवराम नाखवा आठ, गुणाजी मढवी सात.